बद्द वाजलेली भिंत

आई, तुझ्याबरोबर माठ आणायला जायची मला लाज वाटायची. तू एकेक माठ बोटांच्या पेरांनी वाजवून बघायचीस. कुंभारीण म्हणायची, "बाई, माठ घेताय की तबला?" तू पुढचा माठ उचलायचीस. बद्द वाजला की परत ठेवायचीस. "तडा दिसत तर नाही," मी एकदा म्हणालो. "दिसेल तेव्हा स्वयंपाकघरभर पाणी झालेलं असेल," म्हणत तू टपली मारलीस.

इथं विलायतेत, ग्लॉस्टरशरमध्ये चुनखडकाची एक जुनी खाण आहे. आता ती संरक्षित जागा. हातोडा लावायला मनाई. भिंतीत प्राचीन समुद्रतळाचे थर शंखांसकट दिसतात. ते थर मी कॉलेजची पायरी न चढता, पुस्तकांवरून शिकलो, आणि लोकांना दाखवताना कुणी एका थराचं नाव चुकलं तरी खपवून घेत नाही. थर झाकू नयेत म्हणून आम्ही व्हॉलंटियर हिवाळ्यात आयव्हीचे वेल कापतो. आज माझी मुलगी अगदी भिंतीला लागून कापत होती. तिच्या डोक्याशेजारचा कातळ मी सहज मुठीनं ठोकला. बद्द. पुन्हा ठोकला. बद्द.

"बाहेर ये."

"बाबा, हा वॉल सेफ आहे. इंजिनिअरने चेक केलाय."

"वेल कापायच्या आधी. त्या मुळांनीच दगड धरला असेल तर? बाहेर ये म्हणतो ना!"

"सगळे बघतायत, बाबा. सो एम्बॅरसिंग!"

मी तिचा दंड धरून तिला ओढलं. बाकीचेही हेल्मेट सावरत, कुजबुजत मागे आले. आमच्या प्रमुख बाईंनी काम थांबवलं, दोरी बांधली, फोन केला. आम्ही कुंपणापाशी उभे राहून भिंतीकडे बघत राहिलो. काहीच होईना. एक रॉबिन पक्षी येऊन नेमका त्याच कातळावर बसला. "बाबा, त्याला पण सांग ना बाहेर यायला," मुलगी म्हणाली. सगळे हसले. आणि मला वाटलं, पडावी ती भिंत एकदाची, आत्ता, सगळ्यांसमोर. मुलगी तर बाहेर उभी होती, तरी मी तिचा दंड पुन्हा धरला.

सोमवारी इंजिनिअर भिंत तपासायला येणार आहेत. पक्की आहे म्हणाले तर मुलगी पुन्हा त्याच भिंतीखाली जाईल, आणि मग मी कितीही ओरडलो तरी ऐकणार नाही. भिंत पक्की निघाली तर मला आनंदच होईल, असं मी घरी सांगितलंय. तू असतीस तर तुलाही तेच सांगितलं असतं. नाहीयेस, म्हणून लिहितो: नाही होणार.