दादाची साइट आणि गावची लाइन

प्रिय धवलदादा,

हे पत्र समताताई स्वतः तुझ्या हातात देईल. फोन करू नकोस, रागावूही नकोस. आधी शेवटपर्यंत वाच.

तुझी साइट चालू आहे. फवारणीच्या पंपामागचा तो संगणक दिवसभर घूं घूं करतो आणि आईला वाटतं, तूच आतल्या खोलीत बसला आहेस. परवा तर चहाचा कप घेऊन निघाली होती. मी अडवलं, मग दोघीही रडलो. लोक अजून नदीतल्या वाळूउपशाचे फोटो पाठवतात. पाठवणारा तीन अनोळखी संगणकांच्या आडून येतो, आपली साइटही तशीच आडून जाते, मध्येच कुठेतरी गाठ पडते आणि कुणालाच कुणाचं घर दिसत नाही. किती फुशारकीने समजावलं होतंस! त्या लांबलचक पत्त्यात ना गाव, ना पिनकोड. फक्त त्याची किल्ली सांभाळ म्हणालास, ती ज्याच्या हाती लागेल तो तुझ्या नावाने साइट चालवेल. किल्ली मी जिवापाड जपली आहे.

पण वाळूच्या ठेकेदाराने घर किल्लीवाचूनच शोधलं. तू गेलास तेव्हा त्याला तुझ्यावर नुसता संशय होता. गेल्या आठवड्यात भर दुपारी, लोडशेडिंगच्या वेळापत्रकात नसताना, एकेका गावाची लाइन जाऊ लागली. आपली गेली आणि साइट बंद पडली, लाइन आली तशी साइटही आली. वायरमन गुलाबरावच आईला सांगून गेला, "ठेकेदाराचे माणसं मोबाइल पाहत उभे होते, काकू. बंद कर म्हणे, मंग चालू कर म्हणे. मले काय मालूम काऊन!" आई मला म्हणाली, "एवढा हुशार पोरगा, त्याले लाइनीचं काऊन नाही सुचलं?"

तेव्हापासून चक्कीसमोर दोन मोटरसायकली उभ्या असतात. पिठाचा डबा घेऊन गेले की विचारतात, "धवलभाऊ घरीच असते ना?" मी मान खाली घालून हो म्हणते. घरात शिरत नाहीत, तू बाहेर पडायची वाट बघतात. दादा, मला फार भीती वाटते. कडी वाजली तरी हातातलं भांडं पडतं.

आई इन्व्हर्टर घेऊ म्हणत होती, मीच नको म्हटलं. लाइनीबरोबर साइट जाते-येते, तोवर तू इथेच आहेस असं ते धरून चालतील, दुसरीकडे शोधणार नाहीत. भाऊबीजेला येतो असा निरोप धाडलास, म्हणून हे पत्र. मी चंद्राला ओवाळीन. तू येऊ नकोस.

तुझीच,
मधू