तुला आणि तुले

आई, काल आपल्या गल्लीत माणसं तिकीट काढून आली होती. त्यांच्यात मीही होते. पायात बूट, डोक्यावर उन्हाची टोपी, हातात पाण्याची बाटली. तू ओट्यावर असतीस तर मला ओळखण्याआधी पदर सारखा केला असतास आणि पाहुण्यांना बसायला काही आहे का ते बघायला आत गेली असतीस.

आपल्या नांदुऱ्यात आता रविवारी सकाळी एक फेरी निघते. स्टेशनावर जमायचं आणि एका मुलीच्या मागून गाव बघत चालायचं. ही मुलगी धामणगाव बढ्याची. बुलढाण्याच्या कॉलेजात मी तिला इंग्रजी शिकवलं. मग ती पुण्याला गेली, काही वर्षं राहिली, आणि आता परत येऊन लोकांना त्यांचंच गाव दाखवते. तिचा फोन आला, मॅडम, एकदा याच. निवृत्त बाईला नाही म्हणायला कारण सापडत नाही. सकाळच्या एसटीने बुलढाण्याहून मोताळ्यावरून आले. स्टेशनाबाहेर तिने सगळ्यांना गोल उभं केलं आणि सांगितलं, "महामार्गावरचा उंच मारुती बघायचा असेल त्यांनी रिक्षा करा. आपण आज गावातली पर्यायी संस्कृती बघणार आहोत." मी तिथेच विचारलं, पर्यायी म्हणजे कशाला पर्यायी? ती हसली आणि सगळ्यांना म्हणाली, "या माझ्या मॅडम. वर्गात मी 'मले समजलं नाही' म्हटलं म्हणून यांनी मला उभं केलं होतं." लोक माझ्याकडे बघायला लागले. केलं होतं उभं, मी म्हटलं, आणि बरं केलं होतं. बसून राहिली असतीस तर पुण्याला पोचली नसतीस.

खरं सांगायचं तर तिने गाव चांगलं दाखवलं. ज्या चहाच्या टपरीवर शुक्रवारी संध्याकाळी आडत्याचे हमाल आणि एक शिंपी मिळून शेरोशायरी करतात ती दाखवली. विहाराच्या मागची भिंत दाखवली, पोरींनी स्वतः रंगवलेली, आभाळाएवढी निळी. मग कापसाच्या जुन्या जिनिंगच्या पडक्या गोदामात नेलं. तिथे तीन पोरं माईक घेऊन उभी होती. त्यांनी वऱ्हाडीत रॅप म्हटलं. रॅप म्हणजे भांडणाच्या सुरातली कविता, तुला आवडली असती. काऊन बे, कोनाले बे, मले काय इचारतं बे, असं धडाधड. पुण्याहून आलेली एक बाई डोळे मिटून मान हलवत होती, आणि संपल्यावर म्हणाली, "किती गोड भाषा आहे ना?" सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी नाही वाजवल्या. माझ्या अंगाचा तिळपापड झाला होता. तुझ्या तोंडून निघाली तेव्हा ही भाषा गोड नव्हती का? तेव्हा कुणी तिकीट काढलं नाही.

मिशनच्या शाळेचं ते स्वयंपाकघर मला अजून दिसतं. लांबच लांब ओटा, काळ्या पडलेल्या भिंती, डाळीचं भलंमोठं पातेलं, आणि तू घामाने भिजलेली. स्वयंपाकघराची सिस्टर केरळातली. ती मराठी पुस्तकातून शिकली होती, आणि तिच्या तोंडची मराठी हीच शुद्ध असं तू ठरवून टाकलंस. तू तिथली स्वयंपाकीण, म्हणून तुझ्या पोरीला फुकट शिकायला मिळालं, आणि पोरगी शाळेत जायला लागली त्या दिवसापासून तू तिच्याशी सिस्टरची भाषा बोलायला लागलीस. "दूध थंड झाली, ती पिऊन घे." तेच मी वर्गात म्हटलं आणि हसं झालं. घरी येऊन तुला सांगितलं नाही. धाकट्या भावाशी मात्र तू तुझ्यासारखीच बोलायचीस. तो नगरपालिकेच्या शाळेत, त्याला सगळं चालत होतं. त्याला तुले, मला तुला. त्याची तू माय, माझी आई. एका चुलीपुढे दोघं बसलेले असायचो, तू त्याच्या ताटात भाकर टाकायचीस आणि माझ्या ताटात भाकरी वाढायचीस.

एक दुपार आठवते. मी उन्हातून धावत येते आणि दारातूनच ओरडते, मले भूक लागली, भाकर दे. तू तव्यावरची भाकरी उतरवतेस आणि मागे, माझा हात पोचणार नाही अशी ठेवतेस. "नीट माग." मी पुन्हा मले म्हणते. तू पीठ मळत राहतेस, माझ्याकडे बघतही नाहीस. भाऊ समोर बसून खातो आहे. शेवटी मी भिंतीकडे तोंड करून म्हणते, मला भूक लागली आहे. तेव्हा तू ताट सरकवतेस. त्यानंतर मी कधी चुकले नाही. पुढे माझ्या जिभेला लोक घाबरायला लागले, कॉलेजात, कचेरीत, सासरीसुद्धा. पण ती जीभ तू त्या दुपारी घडवलीस, आणि त्यात मले कुठेच राहिलं नाही.

गल्लीचंही तसंच. ओट्यावर बायका बसलेल्या असायच्या, कुणी लसूण सोलत, कुणी कुणाची उणीदुणी काढत, लांबून हसणं ऐकू यायचं. मी दप्तर घेऊन वळणावर दिसले की सगळ्या गप्प. मी घरात गेले की पुन्हा सुरू. मी ठरवून टाकलं होतं की यांना मी आवडत नाही, मी शिष्ट वाटते. मग मीही शिष्ट झाले. न होऊन काय करणार होते?

आणि तुझा शेवट. बुलढाण्याच्या दवाखान्यात मी तुझ्या खाटेजवळ स्टुलावर बसलेली, डोकं भिंतीला टेकलेलं, डोळे मिटलेले. भाऊ सुरतेहून निघाला होता, पोचला नव्हता. तू कितीतरी वेळाने बोललीस, अगदी स्पष्ट. "तुले भूक लागली असन. खाऊन घे जराशी भाकर." मी डोळे उघडले नाहीत. तुले म्हणजे तो, मी नव्हे. जो आलेलाही नाही त्याच्या भुकेची काळजी, आणि जी उशाशी बसली आहे तिची नाही. इतका राग आला की मी तशीच बसून राहिले. त्यानंतर तू काही बोलली नाहीस. पंचवीसेक वर्षं होतील. भावाला मी सांगितलं की आईने शेवटी तुझी आठवण काढली. तो रडला. तो रडत होता आणि मला त्याचा हेवा वाटत होता.

तर कालची फेरी. शेवटचा थांबा म्हणून त्या मुलीने आम्हाला रेल्वेलाईनच्या पलीकडे, आपल्या गल्लीत नेलं. मला कळायला हवं होतं. ओटा तोच, फक्त आता त्यावर फरशी बसवली आहे. बायका बसलेल्या होत्या आणि ती मुलगी सांगत होती की इथल्या बायकांच्या गप्पा म्हणजे गावाचं खरं वाचनालय आहे, बसा आणि ऐका. मी म्हणणार होते की माझी आई काय प्रेक्षणीय स्थळ होती का, तेवढ्यात कोपऱ्यातली एक म्हातारी माझ्याकडे डोळे बारीक करून बघायला लागली. स्वयंपाकघरात तुझ्याशेजारी भाजी चिरायची ती मावशी. अजून आहे. दात गेले आहेत, नजर गेलेली नाही.

"हे कोन व?" तिने विचारलं.

"माझ्या मॅडम आहेत, आजी."

"मॅडम कायची. हे तं स्वयंपाकवालीची पोट्टी. शाळेवाली." आणि एवढं बोलून तिने पदर सारखा केला, पाय खाली सोडले आणि मला म्हणाली, "बसा. कधी आलात तुम्ही?"

दुसरी एक फिसकन हसली. "काव बुढे, आमच्याशी तं कधी आलात-गेलात नाई करत तू."

मी म्हटलं, मावशी, मला 'तुम्ही' कशाला म्हणता? मी या ओट्यावर लहानाची मोठी झाले.

"कुठं झाल्या? तुमच्या मायनं बसू देल्लं का तुम्हाले इथं?" मग ती बाकीच्यांना सांगायला लागली, जशी काही मी तिथे नव्हतेच. "हिच्या मायनं साऱ्या गल्लीले ताकीद देल्ली होती. माह्या पोरीसमोर मले-तुले कराचं नाई. नीट बोलता येत नसन तं तोंड बंद ठेवाचं. आता आम्हाले कुठं येते ते 'आहेत' अन् 'नाहीत'? मंग आम्ही तोंडच बंद ठेवू. पोट्टी दिसली का सारा ओटा मुका."

सगळ्या हसल्या. पाहुणेही हसले. पुण्याची बाई म्हणाली, "हाऊ स्वीट." मी टोपी काढून हातात घेतली, कारण हाताला काहीतरी हवं होतं. मग मी विचारलं, मावशी, आईला जड नाही गेलं? सारखं माझ्याशी तसं बोलणं?

"जाईन नाई तं काय. दिवसभर तुह्यासमोर जीभ आवरून बसे. उन्हाळ्यात अंगनात बाजा टाकत होतो ना आपून? तू झोपली का मंग सुटे तुही माय. तुह्या डोक्यावर हात ठेवून बोलत राहे तुह्याशी. तुले आज कोन रागावलं व, तुले उद्या गुळाची पोई करून देईन, तुही येनी कशी इस्कटली. लय वेळ. आम्ही म्हनू, व बाई, झोपल्या लेकराशी काय बोलतं? तं म्हने, जागेपनी बोलली तं तिच्या कानाले सवय लागन. झोपीत लागत नाई."

तेवढ्यापुरती मी तिच्यासाठी 'तू' झाले होते. मग आतून चहा आला, आणि मावशीने कप माझ्यापुढे करून म्हटलं, "घ्या."

परतीच्या एसटीत माझ्याशेजारी ती मुलगी बसली होती, तिला मोताळ्याला उतरायचं होतं. ती म्हणाली, "मॅडम, तुम्हाला वाईट वाटलं का?" मी म्हटलं, तुझी फेरी चांगली आहे, पण तो पर्यायी शब्द काढून टाक. त्या बायकांकडे दुसरं काही नव्हतंच, पर्याय कुठून येणार? तिने मान डोलावली. उतरताना म्हणाली, "जपून जा मॅडम." ती उतरल्यावर मी खिडकीकडे तोंड केलं.

मी तुझ्यावर चिडलेली आहे, आई. आजही. एक अख्खी गल्ली तू माझ्यासाठी मुकी केलीस, आणि तुझ्यातला चांगला भाग तू मी झोपल्यावर बाहेर काढलास. मला झोप गाढ होती. कितीही आठवलं तरी त्यातलं एक अक्षर आठवत नाही, गुळाची पोळी नाही, वेणी नाही. डोक्यावरचा हातसुद्धा आठवत नाही. भावाला फोन करावा असं काल रात्रीपासून मनात आहे, पण त्याला काय सांगू? त्याच्याकडे तुझं इतकं आहे, आणि दवाखान्यातलं ते एक वाक्य मी परत मागू?

या पत्राला पाकीट आणलेलं नाही, आणायचंही नाही. तुला वाचता येत नव्हतं, आणि हे दुसऱ्या कुणी वाचून दाखवावं असं नाही. फक्त तुझ्या एका गैरसमजाबद्दल सांगायचं राहिलं आहे. दवाखान्यात त्या दिवशी माझे डोळे मिटलेले होते, पण मी झोपलेली नव्हते. मी ऐकलं.

हाव, माय. लागली होती मले भूक.