शेवटच्या ओळीबाबत

मी, निवृत्त शिक्षक, वय अठ्ठ्याहत्तर, पूर्ण शुद्धीत आहे आणि माझ्यावर कोणाचा दबाव नाही. उलट जन्मभर मीच लोकांना बोलून दाबत आलो. माझ्यामागे काय कोणाचे, हे स्वतःच्या हाताने लिहितो.

१. राहते घर आणि बँकेतली शिल्लक मुलाला. मागचे दार ओल धरून फुगते. लाथ मारू नये, उचलून ढकलावे. तुझी आई तसेच करायची.

२. पुस्तके वाचनालयाला. विद्यापीठाच्या विभागप्रमुखांना त्यांतले एकही नाही. मी पाड्यांवर जाऊन टेप केलेल्या भगतांच्या गाण्यांना भर सभेत ‘अडाण्यांची बडबड’ म्हणणारे हेच गृहस्थ, परदेशी पाहुणे यायला लागल्यावर फुले घेऊन माझ्या कॅसेट मागायला आले. ज्यांनी एक गाणे बसून ऐकले नाही, त्यांनी त्याची किंमत ठरवू नये. तेव्हा हे जिन्यात सुनावले होते, आता कागदावर सुनावतो.

३. एकेचाळीस कॅसेट आणि टेपरेकॉर्डर. हीच माझी खरी मालमत्ता. अकरा हिवाळे मी भगतीण मावशींच्या झोपडीत बसलो. त्या चुलीपाशी डफ शेकत आणि मी प्रश्नांची सरबत्ती करी. “मास्तर, तुमच्या यंत्राला कान आहेत, तुम्हाला नुसतं तोंड,” त्या म्हणत. तो धूर अजून माझ्या कोटाला आहे. कोट धुवू नये.

आजाऱ्याचा हरवलेला जीव परत बोलावण्याचे गाणे त्या दरवेळी शेवटच्या ओळीआधी थांबवत.

“पुढे?” मी विचारी.

“पुढे आजारी माणूस. कुठंय तो? त्याचं काय हरवलंय ते विचारल्याशिवाय त्याची ओळ कशी जुळवू?”

म्हणजे शेवटची ओळ माणसागणिक नवी. हे मला पक्के कळले होते. तरी माझ्या पुस्तकात अर्धवट गाणे छापायला मन धजेना. सभा जिंकायची सवय. शेवट दणक्यात हवा. मी ओळ रचली आणि मावशींच्या नावावर छापली. चार आवृत्त्या निघाल्या. लोकांनी नेमक्या त्याच ओळीला टाळ्या वाजवल्या.

मावशी गेल्या. गेल्या महिन्यात त्यांची नात घरी आली. तीही आता भगतीण आहे.

“काका, आमच्याकडची पोरं तुमचं पुस्तक बघून गातात. सगळ्यांना एकच ओळ. आजाऱ्याला काही विचारतच नाहीत.”

“आजीला ठाऊक होतं?”

“मीच वाचून दाखवली होती. म्हणाली, मास्तर आजारी असेल, स्वतःसाठी केली असेल.”



४. म्हणून: कॅसेट आणि टेपरेकॉर्डर त्या नातीला. ठेवायच्या की पुसायच्या, ती ठरवील. पुस्तक पुन्हा छापले तर ती ओळ काढून जागा कोरी ठेवावी आणि खाली लिहावे: ही ओळ मास्तरांनी घुसडली.

५. मुला, हे कलम माझ्या मरणापर्यंत थांबणारे नाही. डॉक्टरांनी तुला बाहेर नेऊन जे सांगितले, ते मी दाराआडून ऐकले आहे. आजच मावशींच्या नातीला फोन कर. डफ घेऊन ये म्हणावे. रेकॉर्डर बंद ठेव. ती मला विचारील, काय हरवलंय. मी थोडक्यात सांगेन.

ठिकाण: लिहिण्याचे टेबल, खिडकीकडची बाजू
दिनांक: ९ जानेवारी, सकाळ
सही: मास्तर

साक्षीदार:
१. शेजारचे डॉक्टर (सही)
२. माझी पुस्तके बांधणारा बाइंडर (सही)