भोंग्यातून घेतलेलं नाव

ती. आईस,

इथूनच तुझ्या पायांवर डोकं ठेवतो. मी बरा आहे. घसा थोडा बसलाय, पण ते बाबांना सांगू नकोस.

इथले आमदार अचानक वारले, म्हणून पोटनिवडणूक लागली आहे. मागच्या खेपेस मीच प्रचाराच्या गाडीवरून भोंग्यातून त्यांचं नाव पुकारत याच गल्ल्यांतून फिरलो होतो. आता त्याच गाडीवरून दुसऱ्याचं नाव घेतो. दिवसभर सगळ्यांना "बंधू-भगिनींनो" म्हणतो, आणि खोलीवर आलो की बोलायला चिटपाखरू नसतं.

काल एक म्हातारी काठी टेकत गाडीसमोर येऊन उभी राहिली. त्या आमदारांची आई.

"आवाज ओळखला मी. माझ्या लेकाचं नाव तूच घ्यायचास ना? एकदा घे की."

मी माईक बंद करून हळूच घेतलं.

"असं नाही रे. भोंग्यातून."

ड्रायव्हरने मान दुसरीकडे वळवली. मी माईक लावून पूर्वीसारखंच खणखणीत नाव पुकारलं. पुढचं "यांनाच निवडून द्या" काही तोंडातून निघेना. म्हातारी डोळे मिटून उभी होती. मग गाडीच्या पत्र्यावर हात फिरवून घरात गेली.

संध्याकाळी प्रचारप्रमुख म्हणाले, "उद्यापासून येऊ नकोस." त्यांचंही बरोबरच आहे. दुसरं काम मिळेल, तू जिवाला घोर लावून घेऊ नकोस.

तुझे गुडघे कसे आहेत? ताई येऊन गेली का?

मी परवा पोचतो. दिसलो की दारातूनच मोठ्याने हाक मार. इथे सगळे मला भोंगेवाला म्हणतात. माझं नाव बरेच दिवस कुणी घेतलेलं नाही.

तुझा,
धाकटा