मंगळवारचा समुद्र

अनोमाबो,
रविवार, ९ ऑगस्ट

प्रिय कोबिनादादा,

फोन तू उचलत नाहीस, म्हणून हे पत्र मासे विकायला आबिजानला येणाऱ्या मानसामावशीच्या हाती देते आहे. तिच्यासमोर उघडू नकोस. तिला अक्षर वाचता येत नाही, पण चेहरे बरोबर वाचते.

आम्ही ठीक आहोत. आईचा गुडघा दुखतो, तरी मासे धुरावर लावायला तीच बसते. मला हात लावू देत नाही. म्हणते, "तू लिही बाई, मासे करपवायला तू कशाला हवीस?" मोसम बरा आहे. तू गाव सोडल्यापासून तुझी होडी लागायची तिथे दुसऱ्यांच्या लागतात.

परवा, मंगळवारी, माझं नवं नाटक आहे. नेहमीसारखंच किनाऱ्यावर. समुद्रदेवाचा वार, त्या दिवशी कुणी पाण्यात होडी घालत नाही, सगळा गाव जाळी शिवत वाळूवरच असतो, तेव्हा प्रेक्षक गोळा करावे लागत नाहीत. हे पाचवं. आधीच्या चार नाटकांत काय होतं ते तुझ्या कानावर आलं असेलच. चारही नाटकांत एक हावरट होडीवाला. तो देवाचा वार मोडून धाकट्या भावाला समुद्रात पाठवतो आणि भाऊ परत येत नाही. होडीवाल्याचं नाव मी दर वेळी बदललं. गावानं दर वेळी तुलाच ओळखलं. ते काम करणाऱ्या आतोला बाजारातल्या बाया मक्याची केंकीसुद्धा खायला विकेनात. "भावाला खाल्लंस ना? मग आणखी काय हवंय गिळायला?" आतो मला म्हणायचा, "एकुआताई, याला म्हणतात नाटक चाललं!" मीही हसायचे. आक्राच्या पेपरात माझा फोटो आला.

या वेळी नाटकात होडीवाला नाही. बहीण आहे.

मामा तालमीला आले होते. आईकडच्या घराण्याचे, म्हणजे आपल्या सगळ्यांचे प्रमुख, त्यांना अडवणार कोण? शेवटपर्यंत बसले आणि मग नटांना बाहेर घालवलं.

"ही बहीण कोण?"

"नाटकातली आहे, मामा."

"मला शिकवतेस? कोबिनाचं नाव गेलं ते गेलं. तुझं तरी राहू दे. बहिणीच्या जागी भाऊ कर. इतकी वर्षं तेच तर करत आलीस!"

नाही ऐकलं तर घराण्याच्या बैठकीत मला जागा नाही, मेल्यावर मातीलाही कुणी येणार नाही, असं बजावून गेले.

बघ, अजूनही मी इकडचं तिकडचंच लिहिते आहे. आता सांगते.

आपल्या धाकट्या फिफीला मी पाठवलं. सात वर्षांपूर्वी पहिलं नाटक लिहीत होते, त्यात मंगळवारचा समुद्र हवा होता. किनाऱ्यावरून दिसतो तो नव्हे, आतला. तो कुणीच पाहिलेला नाही, मग विचारू कुणाला? मी फिफीला म्हटलं, "दादाची होडी घे, लाटांच्या पलीकडे जा आणि काय दिसलं ते मला येऊन सांग." तो म्हणाला, "दादा सोलून काढेल." मी म्हटलं, "दादाचं मी बघते." एवढ्यावर तो गेला. एकोणीस वर्षांचा होता.

संध्याकाळी होडी उलटी होऊन किनाऱ्याला लागली. होडी तुझी. त्यात आदल्याच आठवड्यात तू मुखियाशी भांडला होतास, की आठवड्यातला एक दिवस हात बांधून बसणं परवडत नाही. लोकांना आणखी काय हवं होतं? "मंगळवारी जन्मला म्हणून मंगळवार काय याच्या बापाचा?" असं ते ओरडले तेव्हा मी तुझ्या मागेच उभी होते. तू वळून माझ्याकडे पाहिलंस. मी मान खाली घातली. तुला वाटलं असेल, हीसुद्धा त्यांच्यातलीच. तसं नव्हतं रे. मी घाबरले होते. पुढे भीती गेली तरी गप्प राहिले, कारण तोवर टाळ्या पडायला लागल्या होत्या.

बहिणीचं काम करणारी मुलगी मामांच्या धाकानं सोडून गेली. ते काम आता मीच करते आहे. नावही माझंच ठेवलं आहे.

गावाआधी आईला कळावं, म्हणून काल तिला सांगितलं. ती जाळीवरचे मासे उलटत होती, उलटतच राहिली. सगळे उलटून झाल्यावर म्हणाली, "चारही नाटकं मी पहिल्या रांगेत बसून बघितली. माझ्या पोराला शिव्या पडत होत्या, आणि मी टाळ्या वाजवत होते." मी जवळ गेले तर हात झटकला. टोपली ओढून घेत म्हणाली, "मंगळवारी येईन. पहिल्याच रांगेत बसेन. टाळी मात्र माझ्याकडून मिळायची नाही."

दादा, हे पत्र तुला मिळेपर्यंत मंगळवार होऊन गेलेला असेल. मुद्दामच उशिरा पाठवते आहे. आधी कळलं असतं तर "जाऊ दे, राहू दे" म्हणून तूच मला अडवलं असतंस. माफी मागत नाही. तुझा स्वभाव मला माहीत आहे, देऊन टाकशील. आईला तेवढ्या चार ओळी लिही. त्या मी वाचणार नाही, ती आतोकडून वाचून घेईल.

फिफीला पाठवणारी,
एकुआ