चंपीला वेगळं ठेवलंय

अहो,

काल तुम्ही चंपीला नराच्या पेटीत सोडलं, ते मला सकाळी कळलं. तिच्या मानेवर चावल्याचा व्रण आहे. मी तिला काढून तिच्या पेटीत ठेवलंय, परत सोडू नका.

ती हात हलवून राह्यली, म्हणून तयार आहे असं तुम्हाला वाटलं असंल. या दाढीवाल्या सरड्याची मादी घाबरली तरी हात हलवती. दोन वर्षांची झाली म्हणजे झालं, असं न्हाई. शेपटीचं बूड भरलेलं पाहिजे, वजन साडेतीनशे ग्रॅमच्या वर पाहिजे. ही आज दोनशे नव्वद भरली. मागच्या खेपेला अंडी अडकून ती मरता मरता वाचली, त्याला चारच महिने झाले. तिच्या खाण्याच्या अळ्यांना कॅल्शियमची भुकटी लावून देत जा.

मी वाटूरला आईकडं चाललेय. परवा आत्याबाईंनी पुन्हा विचारलं, यंदा तरी पाळणा हलंल का. तुम्ही खाली मान घालून जेवत राह्यले. माझं पोट पडल्यावर डॉक्टरीणबाई वर्षभर थांबा म्हणाल्या, तेव्हा तुम्ही माझ्याशेजारीच बसले होते. आत्याबाईंना ते मी न्हाई सांगणार, तुम्ही सांगा. सांगितलं की फोन करा, मंग मी येते.

दैवशाला