कावळा नसलेलं बेट

रंजीताबाई,

धाकट्याचा नमस्कार. मी बरा आहो. पक्षी मोजाले आलेल्या साहेब लोकांचा सयपाक करतो. इथल्या हवेतच मीठ आहे, भाजीत कमी पडलं तरी चालते. आईचे गुडघे कसे आहेत?

बाबा गेल्याचं तुयं पत्र होडीनं आलं, तवा दहावाही होऊन गेला होता. घासाले कावळा शिवला नाई, बाबाचा जीव माह्यात अडकला, असं आई म्हणते. ते वाचून मले रडू आवरलं नाई.

मंग मीच इथी खडकावर भाताचा घास ठेवला. पण या बेटावर कावळाच नाई. समुद्राचे पक्षी हजारो, पाय ठेवाले जागा नाई एवढी अंडी न् पिलं. भाताकडं कोणी पाहेना. ते मासोळीच खातात. बाबाचा जीवही मासोळीतच, म्हणून घासावर एक मासोळी ठेवली.

एक पांढरा पक्षी उतरला. मासोळी उचलली, पण स्वतः खाल्ली नाई, पिलाच्या चोचीत घातली.

बाबा काटे काढून चांगला तुकडा तुया-माह्या ताटात टाकत, आठवते?

आईले सांग, घासाले शिवला. कोण शिवला, ते नको सांगू.

तुया भाऊ,
प्रफुल